जिना सामाईक

सोमवार, ३ फेब्रुवारी

ही डायरी गेल्या वर्षीची आहे. थोरल्याच्या कापडाच्या दुकानात व्यापारी फुकट वाटतात, त्यातली एक उरली ती मला मिळाली. छापलेला वार खोडायचा आणि खरा लिहायचा, की झाली नवी. माझं शिक्षण दुसरीपर्यंत. तिसरीचे मास्तर मारकुटे होते म्हणून मी गेलेच नाही, त्यांचंही माझ्यावाचून काही अडलं नाही. पण अक्षर माझं गोल आहे. थोरली सून कॉलेजात शिकली, तिचं अक्षर म्हणजे शाईत पडलेली मुंगी घरी निघालीय.

तर सांगायचं काय, आपल्या घरी कोर्टाचा कमिशनर येणार आहे! घर बघायला! आमचे हे होते तेव्हा मीटर बघायला येणारा माणूस सोडला तर सरकारचं कुणी उंबरा ओलांडला नाही. ते असते तर म्हणाले असते, काय हा तमाशा. बरं झालं नाहीत ते.

आता हे कुणी वाचणार नाही, पण सांगायचं तर नीट सांगावं. घर ह्यांनी बांधलं. खाली तीन खोल्या, वर एक मोठी खोली, मागे पत्र्याची शेड. मुलगे दोन. थोरला खाली, बायकोसकट. धाकटा लग्नानंतर वर राहायला गेला आणि वरूनच अगदी वर गेला, तीन वर्षं होतील. त्याची बायको अजून वरच आहे, पोरीला घेऊन. दिवसभर शिलाई मशीन चालवते, शाळेचे गणवेश शिवते. माझ्या डोक्यावर खडखड खडखड. तिला मी वरची म्हणते. नाव घ्यावं असं तिने काही केलेलं नाही. ह्याच वरचीने वाटणीचा दावा लावला. म्हणे, वरची खोली माझ्या पोरीच्या नावाने लिहून द्या, बाकी मला काही नको. काही नको म्हणणारीच सगळं घेऊन जाते. कोर्ट म्हणालं, आधी आमचा माणूस घर बघून येईल, मग बोलू.

मी रस्त्यावरच्या खोलीत राहते. खिडकीशी माझी खाट. समोर न्हाव्याचं दुकान. त्याच्या मोठ्या आरशात खुर्चीत बसलेल्याचं तोंड मला घरबसल्या दिसतं. फेस लावलेला माणूस आणि फेस उतरलेला माणूस, दोन वेगळी माणसं असतात. कुणाच्या हनुवटीला खळी आहे आणि कोण ती दाढीखाली लपवतो, गल्लीत मला एकटीला माहीत.

बुधवार, ५ फेब्रुवारी

थोरल्याचा वकील आला होता. चष्मा कपाळावर ठेवून बोलतो. चार डोळे, पण बघत एकानेही नाही.

म्हणाला, "आजी, कागद राहू द्या बाजूला. कमिशनर डोळ्याला दिसेल ते लिहिणार. कुठल्या खोलीत कुणाची वहिवाट."

"वहीत वाटणी?"

"वहिवाट हो. कोण राहतं, कोण वापरतं. कुणाची खाट, कुणाचा खिळा, कुणाचा टॉवेल."

"वर तर वरचीचाच टॉवेल आहे."

वकील हसला. थोरलाही हसला, किती दिवसांनी हसला. वकील म्हणाला, "टॉवेल हलतो, आजी."

मग त्याने बोटं मोजून समजावलं. वाटे तीन. एक थोरल्याचा, एक वरचीचा आणि एक माझा! माझा वाटा आहे हे मला आजपर्यंत कुणी सांगितलंच नव्हतं. ऐकून बरं वाटलं, पण मला काय करायचंय, मी लगेच म्हटलं, माझा थोरल्याला. म्हणजे दोन वाटे थोरल्याचे झाले. आता कमिशनरला असं दिसायला हवं की वर मी राहते, वरची राहत नाही. मग माझं वरचं ते थोरल्याचं, खालचं थोरल्याचं आहेच, आणि वरचीला मागची पत्र्याची शेड.

मी विचारलं, "पण मी वर राहत नाही."

थोरल्याने माझा हात हातात घेतला. "आई, आठ-दहा दिवसांचा प्रश्न. नुसतं दिसण्यापुरतं. माझ्यासाठी."

माझ्यासाठी म्हणाला. मुलगा असा बोलला की आई आठ दिवस काय, कौलावरसुद्धा बसेल.

संध्याकाळी शटरवाला आला आणि माझ्या खिडकीचं माप घेऊन गेला. थोरली सून म्हणाली, खिडकी गंजलीय, बदलायची. लोक म्हणतात मुलं म्हाताऱ्या आईकडे बघत नाहीत. ज्यांची बघत नाहीत त्यांनी वाढवण्यात काहीतरी चूक केली असेल.

रविवार, ९ फेब्रुवारी

काल वरचीच्या पोरीच्या पोटात दुखायला लागलं. भिंगरी म्हणतो तिला, गोल गोल फिरत असते म्हणून. पांढरी पडली होती. वरची तिला उचलून जिना उतरली आणि माझ्या दारात उभी राहून म्हणाली, "आई, हिला दवाखान्यात नेतेय. वर लक्ष असू द्या." अपेंडिक्स निघालं. कापून काढणार, आठवडाभर तिथेच राहायचं.

थोरल्याला फोन केला तर त्याच्याजवळ बसलेला वकील म्हणाला, "ह्याला म्हणतात आयता घास."

मी म्हटलं, पोरगी बरी होऊ दे आधी. वकील म्हणाला, बरी होतेच आहे, दवाखाना त्याच्यासाठीच असतो. खरंच आहे म्हणा. आपण दवाखान्यात जाऊन काय कापणार होतो?

आणि वर लक्ष असू द्या असं तीच म्हणाली की. आता चांगलं जवळून लक्ष असेल.

सोमवार, १० फेब्रुवारी

आज माझी मिरवणूक निघाली! गुडघ्यांमुळे कित्येक वर्षांत जिना चढले नव्हते. दुकानातल्या दोघा हमालांनी मला खुर्चीसकट उचललं. जिन्याच्या वळणावर खुर्ची अडकली, तिरकी केली, मी किंचाळले, ते हसले, मीही हसले. एक म्हणाला, "आजी, कापडाच्या गठ्ठ्यापेक्षा हलक्या आहात." दुसरा म्हणाला, "गठ्ठा बोलत नाही पण."

मग काम. थोरल्या सुनेला कॉलेजात वहिवाट कशी पुसायची ते शिकवलेलं नाही. ती कपडे उचलून शेडमध्ये टाकत सुटली. मी खुर्चीत बसून सांगत होते. मशीन आधी. मग खिळे, एकूण एक. मग फरशीच्या फटीतले दोऱ्याचे तुकडे, ते केसाच्या आकड्याने काढायचे. रंगीबेरंगी दोरे, निळे जास्त, गणवेशाचे. मशीनच्या पायपट्टीशी फरशी पायाने घासून गुळगुळीत झाली होती. ती काही निघेना. मी म्हटलं, माझी खाट तिच्यावर टाका. थोरली सून माझ्याकडे बघत राहिली. म्हणाली, "आई, तुम्ही तर पक्क्या आहात." तिने माझं कौतुक केलं, हे डायरीत राहायला हवं.

दाराच्या चौकटीवर पेन्सिलीने रेघा होत्या. भिंगरीची उंची, एकेका वाढदिवसाची. खालच्या रेघांपुढचं अक्षर धाकट्याचं होतं. त्याचं अक्षर लहानपणापासून वाईट. साबणाने गेलं नाही, सुरीने खरवडावं लागलं. ते मीच केलं, चौकट खुर्चीच्या हाताशी होती. वरच्या रेघा वरचीच्या होत्या, त्या लवकर गेल्या. त्याच्या जायला वेळ लागला. बोट कापलं थोडं.

दाराला नवीन कुलूप लावलं. किल्ली थोरल्याकडे, आतून कडी माझ्याकडे.

बुधवार, १२ फेब्रुवारी

वर वारा चांगला आहे. बाकी वर काय आहे? खिडकीतून न्हाव्याच्या दुकानाचा पत्रा दिसतो. पत्र्यावर एक चप्पल आणि एक फुटका चेंडू. चप्पल कुणाची असेल ह्यावर दोन दिवस काढले. कात्रीचा आवाज येतो, माणूस दिसत नाही. आंधळ्याने नाटकाला जावं तसं.

जेवण थोरली सून पाठवते. आज भात गार होता. जिना चढेपर्यंत गार होणारच.

शनिवार, १५ फेब्रुवारी

आज गंमत झाली. दुपारी जिन्यात पावलं वाजली. एक जड, एक अडखळत. मग कुलपात किल्ली, ती फिरेना. मी आत तोंडावर हात दाबून बसले.

"कोण आहे आत?" वरचीचा आवाज.

"मी आहे. जिचं घर आहे ती."

मग म्हणाली, "आई, दार उघडा. हिच्या पोटाला टाके आहेत. हिला आडवं करायचंय."

मी म्हटलं, "पाहुण्याने सांगून यावं."

"पाहुणी?"

"मग काय. लग्न होऊन आलीस ती पाहुणीच. जास्त राहिलीस म्हणून घरमालकीण होत नसतेस."

हे मला आयत्या वेळी सुचलं. वकिलानेसुद्धा शिकवलं नव्हतं. तिने दारावर लाथ मारली. मी म्हटलं, "दार तुझं नाही, लाथ मारू नकोस." दोघी जिन्यातच बसल्या असाव्यात, कारण श्वास ऐकू येत होते. मग भिंगरी अगदी दाराशी येऊन म्हणाली, "आजी, दार उघड की गं."

"वकिलाने सांगितलंय बाळा, उघडायचं नाही."

"मला भूक लागलीय."

आता मी काही राक्षसीण नाही. माझ्याकडे बिस्किटं होती. दाराखाली फट आहे. एक सरकवलं, चौकटीला लागून मोडलं. दुसरं अलगद, बोटाने ढकलत ढकलत, आख्खं गेलं. बाहेरून म्हणाली, "मिळालं." किती शहाणी पोर. तिची आई मात्र म्हणाली, "खाऊ नको ते." खाल्लं की नाही कळलं नाही.

अंधार पडायच्या आत दोघी गेल्या. थोरल्या सुनेने सांगितलं, न्हाव्याच्या बायकोने त्यांना घरात घेतलंय. वरचीच्या वकिलाने तिला बजावलं म्हणे, कुलूप तोडू नको, मंगळवारी कमिशनर येतोय, तोच बघेल.

बघू दे की.

मंगळवार, १८ फेब्रुवारी

आजचं सविस्तर लिहिते. असा दिवस पुन्हा यायचा नाही.

सकाळीच ठेवणीतले कपडे घातले. केसाला तेल. मिशीवाला, कमरेला पट्टा असा कमिशनर डोळ्यापुढे होता, आणि आली एक बाई! काटकुळी, खांद्याला पिशवी, नाकाला सर्दी. आधी मला वाटलं वरचीचे गणवेश न्यायला कुणी आली. तीच कमिशनर. म्हणाली, ती पण वकीलच आहे, कोर्टाने नेमलंय. तिच्यासोबत टेप धरायला एक माणूस. मागे दोन्हीकडचे वकील, थोरला, थोरली सून आणि सगळ्यांच्या मागे वरची. भिंगरी नव्हती.

टेपवाल्याने भिंती मोजल्या. बाईने फोटो काढले. एक फोटो माझा काढला, खाटेवर बसलेला. मी विचारलं, हसू का? म्हणाली, नेहमीसारख्या बसा. मी हसलेच.

"आजी, ह्या खोलीत कोण राहतं?"

"मी."

"कधीपासून?"

"घराला प्लास्टर नव्हतं तेव्हापासून."

"आणि ह्या?" तिने वरचीकडे बघितलं.

"ती पाहुणी. येऊन जाऊन असते."

थोरला खाली बघत होता, पण कानापर्यंत खूश झालेला मला दिसला.

"खालच्या रस्त्याकडच्या खोलीत कोण असतं?"

हे वकिलाने पाठ करून घेतलं होतं. मी खणखणीत म्हटलं, "ती थोरल्याची. तिच्याशी माझा काही संबंध नाही. तिथे माझा केससुद्धा पडलेला सापडायचा नाही. आणि माझा जो वाटा असेल तो पण थोरल्याचा. मला काही नको."

"विचार करून सांगताय ना, आजी?"

"विचार कशाला, मुलगा आहे माझा."

ती लिहीत राहिली. माझं बोलणं जसंच्या तसं! इतक्या वर्षांत माझं एक वाक्य कुणी पुरतं ऐकून घेतलं नव्हतं, आणि ही लिहून घेतेय. मग नाक पुसून, सहज विचारावं तसं म्हणाली, "दिवसभर एकटीला कंटाळा येत नाही?"

"छे! ही खिडकी आहे ना. सकाळी उठले की इथे बसायचं. समोर न्हावी. त्याच्या आरशात खुर्चीतल्याचं तोंड दिसतं. परवाच शाळेचा शिपाई अर्धी दाढी झालेली असताना फोनवर बोलायला उठला, आणि बाहेर येऊन तसाच गप्पा मारत उभा, एक गाल पांढरा, एक काळा. मी इथूनच ओरडले, अरे, दुसऱ्या गालाची उधारी आहे का? तो वळला, मला म्हणाला, आजी, तुमच्या खिडकीला पडदा लावा. मी म्हटलं, तुझ्या तोंडाला लाव. मग केमिस्टची बायको जाते, ती रोज माझ्या गजांना हात लावून जाते, कशा आहात विचारते. गजावर तिच्या बांगडीचा ओरखडा पण पडलाय..."

मी रंगात आले होते. थोरला खोकत होता. मी म्हटलं, "पाणी पी रे," आणि पुढे सांगत राहिले. कमिशनर बाईने सगळं लिहिलं. मग उठून खिडकीशी गेली. बराच वेळ बघत उभी. चप्पल आणि चेंडूच बघत असणार, दुसरं आहे काय तिथे.

"आजी, न्हाव्याचा आरसा कुठे?"

आता मला ती अडचण लक्षात आली. पण मीही काही कमी नाही. म्हटलं, "आत्ता ऊन आहे. उन्हात दिसत नाही."

"आणि केमिस्टची बायको इथे गजांना हात लावते?"

"उंच आहे ती," मी म्हटलं.

वरचीचा वकील भिंतीकडे तोंड करून हसला. बाई हसली नाही. म्हणाली, "चला, खाली येऊन बाकीच्या खोल्या दाखवा."

"मला कुठला जिना उतरवतो? गुडघे गेलेत. माझी शेवटची चढउतार होऊन वर्षं झाली, परवा हमालांनी उचललं म्हणून—"

"आई," थोरला म्हणाला.

"—म्हणून दवाखान्यात नेता आलं," मी पुरं केलं. बघा कसं सावरलं.

बाई म्हणाली, "ही खाट जरा सरकवा."

टेपवाल्याने खाट ओढली. गुळगुळीत फरशी उघडी पडली. वरची सगळा वेळ दारात उभी होती. ती आत आली, चप्पल काढली आणि उजवा पाय त्या जागेवर ठेवला. साच्यातून काढल्यासारखा बसला. मग चौकटीशी गेली आणि खरवडलेल्या लाकडावरून हात फिरवला, खालपासून वरपर्यंत. तेव्हा मात्र तिचं तोंड वाकडं झालं. पण रडली नाही. नाटकी आहे. आतल्या गाठीची.

शेवटी मी सही केली. कुणी हात धरला नाही. गोल आली. बाई जाताना म्हणाली, "आजी, तुम्ही खूप बोललात, बरं झालं." शिकलेल्या माणसाला माणसाची पारख असते.

शुक्रवार, २१ फेब्रुवारी

मला खाली न्यायला कुणी आलं नाही. हमालांना दुकानात काम असेल. खालून ठोकाठोकीचा आवाज येतोय. माझी नवीन खिडकी.

सोमवार, १० मार्च

कमिशनरबाईचा अहवाल आला. वकील खाली इतक्या मोठ्याने बोलत होता की मला वर बसून सगळं ऐकू आलं. "न्हावी! तुमच्या आईसाहेबांना न्हावीच सापडला!" त्यात असं लिहिलंय म्हणे, की वरची खोली वरचीच्याच वापरात होती आणि नुकतीच रिकामी करून घेतलेली दिसते. आता कोर्ट थोरल्यावर चिडणार. वकील म्हणाला, लवकर तडजोड करा, नाहीतर ती पत्र्याची शेड तुमच्याच वाट्याला येईल.

मग थोरला वर आला. मी म्हटलं, "दमलास का रे?"

तो दारातच उभा राहिला. "आई, तुला एक वाक्य सांगितलं होतं. एक."

"मी जास्तीचं बोलले, पण सगळं खरं होतं."

"तेच," तो म्हणाला आणि गेला. बिचाऱ्याला दुकानाचा ताण आहे.

नंतर मी विचार केला. खरं बोलल्यावर मुलाचं नुकसान होतं आणि खोटं बोलल्यावरही मी कुठे फायदा केला? पण ह्या गोष्टी शिकलेल्यांच्या आहेत. दुसरीत नव्हत्या.

गुरुवार, २४ एप्रिल

आज मला खुर्चीतून कोर्टात नेलं. तडजोड झाली. मला वाटलं होतं मोठं दालन असेल, तर पंखा कुरकुरत होता आणि शिपाई जांभया देत होता. वाचून दाखवलं. खालच्या खोल्या आणि शेड थोरल्याची. वरची खोली वरचीची. जिना, पाण्याचा नळ आणि संडास सामाईक. सामाईक म्हणजे दोघांचं मिळून. माझ्याबद्दल एक ओळ होती: आईने आपला वाटा थोरल्यास राजीखुशीने दिला. मी राजी होते, खुशीही होते, म्हणून सही केली.

न्यायाधीशांनी विचारलं, "आजी राहणार कुणाकडे?"

थोरला आणि वरची दोघंही एकदम म्हणाले, "त्यांच्याकडे." दोघांनी एकमेकांकडे बोट दाखवलं! आयुष्यात पहिल्यांदा त्या दोघांचं एकमत झालं आणि तेही माझ्यावरून. मला इतकं हसू आलं. मी म्हटलं, "साहेब, मी पण सामाईक." कोर्ट हसलं. साहेब म्हणाले, आपसात ठरवा, आणि पुढचं प्रकरण पुकारलं.

घरी आल्यावर बघते तर माझ्या खोलीला खिडकी नाही. शटर! आत फळ्या, फळ्यांवर कापडाचे गठ्ठे. थोरली सून म्हणाली, "आई, इथे आता दुकान. आणि तुम्हीच लिहून दिलंत ना, ह्या खोलीशी काही संबंध नाही. केससुद्धा पडायचा नाही म्हणालात."

"ते दिसण्यापुरतं होतं गं."

"हो ना," ती म्हणाली, "दिसलं."

थोरला कापड लावत होता. वळला नाही. हमालांना म्हणाला, "वर न्या. त्यांचं वरच ठरलंय." एक हमाल म्हणाला, "शेठ, वर तर वहिनींची खोली." थोरला म्हणाला, "मग जिन्याने न्या." ह्यात विनोद काय होता मला कळलं नाही, पण थोरली सून हसली, म्हणून मीही हसले.

बुधवार, ३० एप्रिल

वरचीचं मशीन परत वर गेलं. मशीन बरोबर गुळगुळीत जागेवर. माझी खाट तिने आणि न्हाव्याने बाहेर काढली. मी म्हटलं, "अगं, मी कुठे निजू?"

"पाहुण्याने सांगून यावं," ती म्हणाली. आवाज चढवला नाही. मान मोडून शिलाई करताना बोलते तसं. "तुम्ही मला विचारून आला होता का, आई?"

"मी तुझी सासू आहे."

"घर माझं. पाहुणे किती दिवस ठेवायचे ते मी ठरवणार. हे तुमच्याकडूनच शिकले."

बोलायला शिकली, एवढं खरं. आमच्या घरात येऊन माणूस शिकतोच.

जिन्याच्या वळणावर सपाट जागा आहे, जिथे माझी खुर्ची अडकली होती. खाट तिथे मावत नाही, नुसती गादी मावते, तीही एका बाजूला दुमडून. वरून वरचीचं ताट येतं, खालून थोरल्या सुनेचं. कधी कधी दोघींनाही वाटतं दुसरीने दिलं. तिथे एक जाळी आहे, तिच्यातून आभाळ दिसतं, हातरुमालाएवढं.

रविवार, ११ मे

तसं बघायला गेलं तर ही जागा मोक्याची आहे. वर जाणारा माणूस माझ्यावरून जातो, खाली जाणारा माझ्यावरून जातो. कोण कधी आलं, कुणाच्या हातात काय होतं, सगळं कळतं. हमाल गठ्ठा घेऊन जाताना म्हणतात, "आजी, पाय घ्या." मी पाय घेते. गल्लीत दोन घरं असणारी बाई कुठे सापडेल? एक वर, एक खाली, आणि मध्ये मी. सामाईक.

थोरल्याला म्हटलं, एकदा खुर्चीतून खाली ने, शटर उघडं असताना तिथे बसेन, न्हावी दिसेल. म्हणाला, गिऱ्हाइकांसमोर बरं दिसत नाही. खरं आहे. आता दिसण्याचंच सगळं आहे.

कालपासून ताट कुणाचंच आलं नाही. वरची गणवेश पोचवायला गेली होती, थोरली सून माहेरी. मी पायऱ्या धरून, बसून बसून, एकेक करत वरच्या दारापर्यंत गेले. दाराच्या चौकटीवर नवीन रेघ आहे, पेन्सिलीची. भिंगरी वाढलीय. खरवडलेल्या लाकडावर शाई फुटते, म्हणून पेन्सिलच बरी.

दार वाजवलं. "भिंगरे, मी आहे गं. दार उघड की."

आत मशीन थांबलं. ती आता शिवायला लागलीय वाटतं.

"आईने सांगितलंय," दाराला तोंड लावून म्हणाली, "उघडायचं नाही."

"मला भूक लागलीय."

मग पावलं, डब्याचं झाकण. दाराखालच्या फटीतून एक बिस्किट आलं. बोटाने ढकलत ढकलत, अलगद.

आख्खं आलं, कुठे मोडलं नाही. मी म्हटलं, "मिळालं." हुशार पोर आहे. माझ्यावरच गेलीय.